सोंग घेणारी यंत्रे : जुन्या मोबाइलमधील खेळांची गोष्ट

नोकिया ११०० हा फोन कधी हाताळला नाही असा चाळिशीपुढचा शिक्षक आज महाराष्ट्रात क्वचितच सापडेल. २००३ साली तो बाजारात आला. वरच्या टोकाला विजेरी, धूळ आत जाऊ नये अशी एकसंध रबरी कळपट्टी, आणि जाहिरातीत 'मेड फॉर इंडिया' हे शब्द. जगभरात या एका मॉडेलचे सुमारे २५ कोटी नग खपले. भारनियमनाची सवय झालेल्या मराठवाड्यातील घरांना त्या विजेरीचे मोल वेगळे सांगायला नको. मुलांना मात्र त्या फोनमध्ये रस होता तो दुसऱ्याच कारणासाठी. त्यात साप होता.

आज नव्या स्मार्टफोनवर 'साप' शोधला तर डझनांनी सापडतील. पण ते नव्याने लिहिलेले खेळ आहेत. जुन्यासारखे दिसणारे, जुने नव्हेत. मग प्रश्न पडतो, की २००३ सालचा, २००६ सालचा मूळ खेळ, जसाच्या तसा, आजच्या फोनवर चालवता येईल का? काही खेळांच्या बाबतीत उत्तर 'हो, अगदी सहज' असे आहे, काहींच्या बाबतीत 'मोठ्या कष्टाने', आणि काहींच्या बाबतीत 'आता कधीच नाही'. हा फरक का पडला, हे समजून घेणे म्हणजे संगणकशास्त्रातील एक महत्त्वाची कल्पना समजून घेणे आहे. शिवाय त्यात आपल्या भागाच्या इतिहासाचाही एक तुकडा आहे. आपल्याकडील कितीतरी मुलांच्या हाती पडलेला पहिला संगणक म्हणजे वडिलांचा किंवा काकांचा मोबाइल. त्यांनी पाहिलेली पहिली आज्ञावली म्हणजे त्यातला खेळ.

साप कसा सरकतो?

सापाचा खेळ नोकियाने १९९७ च्या अखेरीस ६११० या फोनमध्ये प्रथम घातला. तानेली अरमान्तो या फिनलंडच्या अभियंत्याने तो लिहिला. कल्पना त्याची स्वतःची नव्हती. अमेरिकेतील ग्रेमलिन कंपनीने १९७६ साली 'ब्लॉकेड' नावाचे खेळयंत्र काढले होते. त्यात दोन खेळाडू आपापली वाढत जाणारी भिंत मागे सोडत पुढे सरकत. साप हा त्याचाच वंशज. पण अरमान्तो यांच्यापुढची अडचण वेगळी होती. त्या काळच्या नोकियाच्या पडद्यावर, म्हणजे ५११० किंवा ३३१० च्या पडद्यावर, आडवे ८४ आणि उभे ४८ असे एकूण ४०३२ ठिपके असत. प्रत्येक ठिपका काळा किंवा कोरा. म्हणजे पडद्याचे अख्खे चित्र ५०४ बाइटमध्ये मावते.

इतक्या तुटपुंज्या सामग्रीवर साप सळसळता कसा ठेवायचा? येथे एक सुंदर युक्ती वापरता येते, आणि ती वर्गात आलेखाच्या कागदावर करून दाखवण्याजोगी आहे. साप दहा घरे लांब असो की शंभर, एका पावलात फक्त दोनच घरे बदलतात. डोक्यापुढचे एक घर काळे होते, शेपटीचे शेवटचे घर कोरे होते. मधला साप हलतच नाही! खाऊ खाल्ला की त्या पावलाला शेपटीचे घर पुसायचे नाही, म्हणजे साप एका घराने वाढला. रेशनच्या दुकानापुढील रांगेत एका टोकाला नवा माणूस उभा राहतो आणि दुसऱ्या टोकाचा धान्य घेऊन बाहेर पडतो, तसेच हे आहे. संगणकशास्त्रात या रचनेला 'क्यू' म्हणजे रांगच म्हणतात. अभियांत्रिकीच्या दुसऱ्या वर्षाला शिकवला जाणारा हा धडा सातवीतल्या मुलाला खडू आणि फरशी एवढ्यावर समजतो.

हा साप फोनच्या पोटात कायमचा बसवलेला होता. घड्याळ, गजर, दूरध्वनी क्रमांकांची यादी यांच्याबरोबर, त्याच आज्ञावलीच्या ठोकळ्यात. तो वेगळा काढून दुसऱ्या फोनला देण्याची सोय नव्हती. ही गोष्ट लक्षात ठेवावी, कारण पुढे तिचेच महत्त्व आहे.

कागद शाबूत, वाचणारा नाही

जुनी आज्ञावली नव्या यंत्रावर का चालत नाही? मराठवाड्यातील वाचकांना यासाठी जवळचे उदाहरण आहे. निजामाच्या काळातील महसुली नोंदी उर्दूत आणि मोडीत आहेत. २०२३ साली कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला तेव्हा तहसील कचेऱ्यांतून दप्तरे बाहेर निघाली, कागद बऱ्यापैकी शाबूत निघाले, पण ते वाचणाऱ्यांसाठी धावाधाव करावी लागली. आज्ञावलीचे नेमके असेच असते. ती म्हणजे एक मजकूर आहे, आणि फोनमधील प्रक्रियक हा तिचा वाचक. प्रत्येक जातीचा प्रक्रियक स्वतःची अशी एकच भाषा जाणतो. वाचक बदलला की मजकूर मुका होतो. कागद टिकला म्हणजे लेख टिकला असे होत नाही.

यावर दोन उपाय आहेत. एक, सगळा मजकूर आधीच नव्या भाषेत भाषांतरित करून ठेवायचा. दोन, शेजारी दुभाषा बसवायचा, जो एकेक ओळ वाचून तिथल्या तिथे अर्थ सांगेल. दुसऱ्या प्रकारात नवे यंत्र जुन्या यंत्राचे हुबेहूब सोंग घेते. गावात बहुरूपी पोलिसाचे सोंग घेऊन येतो तेव्हा त्याचा वेश, त्याचे बोलणे, त्याचा दरारा सगळे पोलिसासारखे असते. जुन्या आज्ञावलीला आपण खोट्या पोलिसापुढे उभे आहोत हे कळतच नाही. अशा सोंग घेणाऱ्या आज्ञावलीला एम्युलेटर म्हणतात.

या कल्पनेचे मूळ अॅलन ट्युरिंग यांच्या १९३६ सालच्या निबंधात आहे. एखाद्या यंत्राचे पूर्ण वर्णन दुसऱ्या, पुरेशा सर्वसमर्थ यंत्राला दिले, तर ते दुसरे यंत्र पहिल्यासारखे वागू शकते, हे त्यांनी गणिताने दाखवले. तेव्हा विद्युत संगणक जन्मालाही आले नव्हते. प्रत्यक्षात ही गरज भासली ती मात्र अगदी व्यापारी कारणाने. आयबीएम कंपनीचे १४०१ हे यंत्र साठच्या दशकाच्या सुरुवातीस जगभरच्या कचेऱ्यांत पोचले होते. मुंबईत एस्सो तेल कंपनीकडेही होते. ७ एप्रिल १९६४ रोजी आयबीएमने सिस्टिम/३६० ही सर्वस्वी नवी मालिका जाहीर केली. ग्राहकांचा पहिला प्रश्न असा, की आमच्या पगारपत्रकांच्या आणि हिशोबांच्या आज्ञावल्या पुन्हा लिहायच्या का? उत्तर म्हणून नव्या यंत्राच्या काही मॉडेलांत जुन्या १४०१ चे सोंग घेण्याची सोय केली गेली. 'एम्युलेटर' हा शब्दही त्याच सुमारास त्याच कंपनीत रूढ झाला. हिशोबनिसांच्या सोयीसाठी निघालेली ही युक्ती पुढे हौशी लोकांनी उचलली. फेब्रुवारी १९९७ मध्ये इटलीतील निकोला साल्मोरिया यांनी 'मेम' नावाची आज्ञावली प्रसिद्ध केली. बाजारपेठेत नाणे टाकून खेळायच्या जुन्या खेळयंत्रांचे सोंग घेणारी ही आज्ञावली आजही वाढते आहे.

जावा : कल्पनेतले यंत्र

आता मोबाइलकडे परत येऊ. २००० नंतरच्या काही वर्षांत फोनमध्ये बाहेरून खेळ घालता येऊ लागले. पण दर कंपनीचा प्रक्रियक वेगळा, पडदा वेगळा, कळा वेगळ्या. खेळ लिहिणाऱ्याने किती भाषांत लिहायचे? सन मायक्रोसिस्टिम्स या कंपनीकडे याचे उत्तर तयार होते. त्यांच्या जावा भाषेतील आज्ञावली कोणत्याही खऱ्या प्रक्रियकासाठी लिहिलेली नसते. ती लिहिलेली असते एका कल्पनेतल्या, कधीही न बांधलेल्या यंत्रासाठी. प्रत्येक खऱ्या यंत्रात एक छोटी आज्ञावली बसवायची, जी त्या काल्पनिक यंत्राचे सोंग घेईल. १९९९ साली सनने मोबाइलसारख्या लहान उपकरणांसाठी असे एक अगदी बारीक काल्पनिक यंत्र काढले. त्याचे नाव 'के व्हर्च्युअल मशीन', आणि त्यातला 'के' हा किलोबाइटचा. पुढच्या वर्षी फोनमधील पडदा, कळा, साठवण यांच्याशी बोलण्याचे नियम ठरले, आणि २००२ मध्ये त्यांची सुधारित आवृत्ती आली. नोकिया ३४१० हा साधा काळा-पांढरा फोनसुद्धा त्याच वर्षी जावा समजू लागला.

म्हणजे गंमत पाहा. जावाचा खेळ ज्या दिवशी नवा कोरा होता त्या दिवशीही तो सोंगाच्याच आधाराने चालत होता. खरे यंत्र असे काही नव्हतेच! म्हणूनच हे खेळ आज नव्या फोनवर आणणे इतके सोपे गेले. एक सोंगाड्या काढून दुसरा उभा केला की झाले.

अँड्रॉइड फोनवर हे काम करणाऱ्या आज्ञावल्यांत 'जे टू एमई लोडर' ही विनामूल्य आणि मुक्तस्रोत आज्ञावली बरीच वापरली जाते. तिची रीत समजून घेण्यासारखी आहे. अँड्रॉइडचे पहिले फोन २००८ साली आले. त्यांवरील आज्ञावल्याही मुख्यतः जावातच लिहिल्या जात, पण फोनमध्ये शिरताना त्यांचे रूप वेगळे असे. ही आज्ञावली जुना खेळ बसवतानाच त्यातील सूचना एकदा त्या नव्या रूपात बदलून घेते. हे झाले भाषांतर. मग खेळ चालू असताना तो जुन्या फोनकडे ज्या ज्या मागण्या करतो, म्हणजे येथे रेघ काढ, हा सूर वाजव, पाचची कळ दाबली का सांग, त्या सगळ्या ती जुन्या नियमांनुसार पुरवते. हे झाले सोंग. काटेकोर बोलायचे तर हा निम्मा भाषांतरकार आणि निम्मा बहुरूपी आहे.

'सगळी सोंगे आणता येतात, पैशाचे आणता येत नाही' असे आपण म्हणतो. येथे पैशाच्या जागी कळपट्टी आहे. पडद्यावर आकड्यांच्या कळांचे चित्र काढता येते, पण अंगठ्याला ती कळ लागत नाही. टेबलाखाली हात धरून, सरांकडे पाहत, न बघता चार-सहा-चार-सहा दाबण्याचे कसब काचेवर जमत नाही. वेगाचाही घोळ होतो. काही खेळांत वेळ मोजण्याची तजवीज नव्हती. फोन जेवढा पळेल तेवढा खेळ पळे. असा खेळ आजच्या फोनवर सोडला तर मोटारगाडी दिसायच्या आत धडकलेली असते. मग सोंगाड्याला मुद्दाम पाय ओढत चालायला सांगावे लागते; सेकंदाला अमुकच चित्रे, असा लगाम घालावा लागतो.

नोकिया ६६०० सारखे 'सिंबियन' फोन थोडे अवघड. त्यांचे बरेच खेळ थेट प्रक्रियकाच्या भाषेत लिहिलेले होते. त्यासाठी 'एका टू एल वन' नावाचा एम्युलेटर गेल्या काही वर्षांत तयार झाला, पण त्याला खऱ्या फोनच्या पोटातील मूळ आज्ञावलीची प्रत लागते. आणि ११०० मधला साप सर्वांत अवघड. त्यासाठी त्या फोनचा प्रक्रियक, पडदा, कळा या सगळ्यांचे सोंग हवे, आणि आतल्या कायम स्मृतीची प्रत हवी. तेव्हा जो साप सगळ्यांनी पाहिला, तोच मूळ रूपात दुर्मिळ. जो फोन चालू आहे, त्यातच तो आहे.

मुंबईचे खेळ, गावोगावची मेमरी कार्डे

हे खेळ फक्त फिनलंडमध्ये किंवा अमेरिकेत तयार होत होते असे नाही. मुंबईत विशाल गोंडल यांनी १९९९ साली 'इंडियागेम्स' ही कंपनी सुरू केली. २००० साली नितीश मित्तरसेन यांची 'नझारा' सुरू झाली, तीही मुंबईतच. क्रिकेट आणि हिंदी चित्रपट हे भारतातील मोबाइल खेळांचे हक्काचे विषय. एकच खेळ डझनावारी फोनवर चालावा म्हणून त्याच्या वेगवेगळ्या आवृत्त्या कराव्या लागत. १२८ बाय १२८ ठिपक्यांच्या पडद्यासाठी एक, १७६ बाय २०८ साठी दुसरी, २४० बाय ३२० साठी तिसरी. शिवाय कोणत्या कंपनीच्या फोनचा डावा कळबिंदू कोणता, हा स्वतंत्र त्रास. या कामाला 'पोर्टिंग' म्हणत, आणि कितीतरी तरुण अभियंत्यांची पहिली नोकरी हीच होती. नोकियाच्या सुरुवातीच्या स्वस्त रंगीत फोनवर सबंध खेळ ६४ किलोबाइटमध्ये बसवावा लागे. चित्रे, आवाज, आज्ञा सगळे धरून. तुलनेसाठी सांगायचे तर तुम्ही वाचत असलेला हा लेखच संगणकात देवनागरी युनिकोडमध्ये साठवला तर ४० किलोबाइटच्या पुढे जातो.

इंडियागेम्स २००७ मध्ये यूटीव्हीच्या ताब्यात गेली, २०११ मध्ये डिस्नेकडे. पुढे डिस्नेने भारतातील खेळांचा व्यवसाय गुंडाळला. कंपन्या विकल्या जातात तेव्हा नाव, करार आणि खुर्च्या मोजून दिल्या-घेतल्या जातात. दहा वर्षांपूर्वीच्या, आता एक रुपयाही न मिळवणाऱ्या खेळाच्या मूळ आज्ञावलीची पेटी कोणी मोजून घेत नाही.

मग हे खेळ टिकले कोठे? येथे गोष्ट जरा अवघड वळण घेते.

खेळ विकत घेण्याचा राजमार्ग असा होता: मोबाइल कंपनीच्या यादीत जायचे, खेळ निवडायचा, शिलकीतून पन्नास-शंभर रुपये कापले जायचे आणि खेळ हवेतून फोनमध्ये उतरायचा. तो दुसऱ्याला पाठवता येऊ नये म्हणून त्याला अनेकदा कुलूप असे. रिलायन्सच्या सीडीएमए फोनवरील 'आर वर्ल्ड' हे असेच दालन. त्यातले जावाचे खेळ त्याच जाळ्यावर, त्याच फोनांवर. २०१७ अखेर त्या कंपनीची आवाजाची सेवाच थांबली. दालन बंद, फोन भंगारात, आणि खेळ त्यांच्याबरोबर गेले. जपानमध्ये हेच मोठ्या प्रमाणावर घडले. तेथील डोकोमो कंपनीची 'आय-मोड' सेवा १९९९ साली सुरू झाली, २००१ पासून तिच्यावर जावाचे खेळ आले, आणि मार्च २०२६ अखेर ती बंद करण्याचे कंपनीने आधीच जाहीर केले. तिथले हौशी लोक जुने घडीचे फोन गोळा करून, त्यांच्या स्मृतीच्या चिपांना तारा डकवून आतले खेळ उपसत बसले आहेत.

दुसरा मार्ग आडवाटेचा होता, आणि तो तुम्हा-आम्हाला अधिक परिचयाचा. २००५ नंतर छत्रपती संभाजीनगरात, म्हणजे तेव्हाच्या औरंगाबादेत, पैठण गेटच्या आसपास मोबाइल विक्री-दुरुस्तीची दुकाने वाढत गेली. तालुक्याच्या गावी बसस्थानकाजवळ एक-दोन टपऱ्या असत. बाहेर पाटी, की मोबाइलमध्ये गाणी, व्हिडिओ, गेम भरून मिळतील. आत एक जुनाट संगणक. दहा-वीस रुपयांत मेमरी कार्ड भरून मिळे. हे बेकायदा होते यात शंका नाही. गायकाचे, चित्रपटवाल्यांचे, खेळ लिहिणाऱ्या त्या तरुण अभियंत्याचेही पैसे बुडत होते. पण त्या टपरीवरची फाइल कुलूप तोडलेली असे. ती एका कार्डावरून दुसऱ्यावर, ब्लूटूथने एका फोनवरून दुसऱ्यावर, तिथून संगणकावर, आणि शेवटी कोठल्यातरी हौशी संग्रहात जाऊन पडली. आज इंटरनेट आर्काइव्हसारख्या ठिकाणी जावाच्या खेळांचे जे गठ्ठे सापडतात त्यांत अशाच भटक्या फाइली पुष्कळ. प्रामाणिकपणे पैसे मोजून घेतलेला खेळ फोनबरोबर मेला आणि दहा रुपयांचा चोरीचा खेळ जगला, हे कबूल करायला जड जाते, पण इतिहास लिहायचा तर ते लिहावे लागेल.

नकलेचा जिल्हा

नकलेला कमी लेखू नये हे आपल्या जिल्ह्याला तरी पटायला हरकत नाही. अजिंठ्याच्या चित्रांच्या नकला करण्यासाठी रॉबर्ट गिल हा लष्करी अधिकारी १८४४ साली नेमला गेला. त्याने दीड-दोन दशके हे काम केले. त्याची बहुतेक चित्रे लंडनला क्रिस्टल पॅलेसमध्ये १८६६ च्या आगीत जळाली. मग १८७२ पासून १८८५ पर्यंत जॉन ग्रिफिथ्स यांनी मुंबईच्या जे. जे. कलाशाळेच्या विद्यार्थ्यांना घेऊन पुन्हा नकला केल्या. त्यातल्याही बऱ्याच १८८५ मध्ये लंडनच्याच साउथ केन्सिंग्टन संग्रहालयात जळाल्या. तरी ज्या उरल्या, आणि त्यांवरून १८९६-९७ मध्ये जो ग्रंथ छापला गेला, त्यांचे मोल आज मोठे आहे. कारण मधल्या काळात मूळ भिंतींवरचा रंग आणखी झडला, आणि काही भाग आता फक्त नकलेतच दिसतो. याची दुसरी बाजूही आहे. चित्र नीट दिसावे म्हणून नकलाकारांनी मूळ भिंतीवर व्हार्निश चढवले, आणि त्याने चित्रांचे नुकसान झाले. चिप उकरून खेळ काढणाऱ्यांचेही तसेच: खेळ मिळतो, फोन जातो.

आणि मूळ वस्तू टिकेल या भरवशावर राहण्यात अर्थ नाही. फोनमधील फ्लॅश स्मृती म्हणजे पेशी-पेशीत कोंडलेले विद्युतभार. हे भार हळूहळू पाझरतात. चिप बनवणारे साधारण दहा-वीस वर्षांचा भरवसा देतात. २००६ च्या फोनची ती मुदत संपत आली, काहींची संपली. बॅटरी तर त्याआधीच फुगते. ज्या फोनची बॅटरी फुगलेली दिसेल तो चार्जिंगला लावून पाहू नये, आणि मुलांना तर मुळीच लावू देऊ नये.

कायदा काय म्हणतो?

भारतीय कायद्यात संगणकाची आज्ञावली ही 'साहित्यकृती' धरली जाते. हे वाचून मराठीचे शिक्षक दचकतील, पण १९५७ च्या कॉपीराइट कायद्याची व्याख्या आज तशीच आहे. साहित्यकृतीवरचा हक्क लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो. म्हणजे २००५ साली पंचविशीत असलेल्या मुलाने लिहिलेला, तीन वर्षांत बाजारातून गेलेला सापशिडीचा खेळ कदाचित पुढचे शतक उजाडले तरी कायद्याने बंदिस्तच राहील. ज्याच्याकडे आज्ञावलीची रीतसर प्रत आहे त्याला ती खराब होण्याच्या भीतीने राखीव प्रत काढून ठेवण्याची मुभा कायदा देतो. तेवढा आधार तुमच्या घरच्या फोनमधील, पैसे देऊन घेतलेल्या खेळाला आहे.

ग्रंथालयांचे मात्र विचित्र झाले आहे. १९५४ च्या कायद्याप्रमाणे छापलेल्या प्रत्येक पुस्तकाची प्रत कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयाला आणि इतर तीन ग्रंथालयांना पाठवावी लागते. त्यांत मुंबईचेही एक आहे. बाराशे प्रतींचा कवितासंग्रहसुद्धा त्यामुळे कोठेतरी सुरक्षित राहतो. लाखो मुलांनी खेळलेल्या खेळासाठी असा नियम नाही. २०१२ साली कॉपीराइट कायदा सुधारला तेव्हा बिगरव्यापारी सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी संगणकीय प्रत साठवण्याची परवानगी मिळाली, पण एका अटीवर: त्या कृतीची बिगरसंगणकीय प्रत ग्रंथालयाकडे आधीच असली पाहिजे. पुस्तकाच्या बाबतीत ही अट रास्त आहे. मोबाइलच्या खेळाची कागदी प्रत कोठून आणायची? जो पदार्थ जन्मापासून संगणकीय आहे, त्यालाच या सवलतीचा उपयोग नाही. माझ्या मते येथे एक साधी दुरुस्ती पुरे आहे. विकत मिळत नाही अशा जुन्या आज्ञावलीची प्रत ठेवण्याचा आणि ती आपल्या इमारतीत चालवून दाखवण्याचा अधिकार ग्रंथालयांना आणि विद्यापीठांना द्यावा. त्याने कोणत्याही कंपनीचा गल्ला रिकामा होणार नाही.

वर्गात काय करता येईल?

दिवाळीच्या साफसफाईत घरोघरी जुने फोन निघतात आणि भंगारवाल्याच्या पोत्यात जातात. त्याआधी विद्यार्थ्यांना एक नोंद करायला सांगावे: मॉडेल कोणते (बॅटरीखालच्या चिकटपट्टीवर लिहिलेले असते), कोणत्या साली घेतला, कोणी वापरला, त्यात कोणते खेळ आहेत, त्यांतला कोणता घरात आवडता होता आणि कोणाचा सर्वाधिक गुणांक होता. शेवटचा प्रश्न गमतीचा वाटेल, पण आजोबांना बोलते करायला याहून चांगला प्रश्न नाही. फोन सुरू होत असेल तर खेळाच्या पडद्याचे छायाचित्र घ्यावे. मेमरी कार्ड असेल तर ते वाचकयंत्रात घालून त्यातील 'जार' अक्षरांनी संपणाऱ्या फाइली पाहाव्यात.

प्रत्यक्ष साप बनवायचा असेल तर नोकिया ५११० चा तो ८४ बाय ४८ ठिपक्यांचा पडदा सुट्या भागांच्या दुकानात आजही स्वस्तात मिळतो. शाळेच्या प्रयोगशाळेत अर्डुइनो असेल तर त्याला तो जोडून, वर सांगितलेली रांगेची युक्ती वापरून, आठवी-नववीची मुले एका आठवड्यात साप सरकवू शकतात. कळा खऱ्या लावाव्यात, म्हणजे अंगठ्याचेही समाधान होते.

जारची फाइल ही खरे तर एक झिप केलेली पिशवी असते. नावाचा शेवट 'झिप' असा बदलला की साध्या संगणकावर ती उघडते. आत खेळाची चित्रे सुटी सुटी सापडतात: अर्ध्या बोटाएवढा फलंदाज, त्याच्या बॅटीच्या पाच-सहा अवस्था, एक चेंडू. आज्ञांच्या फाइली उघडल्या तर अगम्य खुणा दिसतील, त्यांना हात लावायचे कारण नाही. 'मेटा-इन्फ' नावाच्या कप्प्यात मात्र 'मॅनिफेस्ट' ही एक छोटी फाइल असते, आणि ती नोटपॅडमध्ये सरळ वाचता येते. त्यात खेळाचे नाव, आवृत्तीचा क्रमांक आणि 'व्हेंडर' या शब्दापुढे तो बनवणाऱ्याचे नाव असते. कधी तेथे पॅरिसच्या कंपनीचे नाव निघते, कधी मुंबईच्या. ते नाव, फोनचे मॉडेल आणि फाइलची तारीख एका वहीत उतरवून घ्यावी.